सुधन ताबोला कसा पोहोचला

खाबच्या पुलावर सतलजची साथ सुटते. शिमल्याकडून निघालेला माणूस रामपूरच्या आधीपासून तिच्याच काठाने वर चढत आलेला असतो. वीजप्रकल्पांचे बोगदे, दरडी, सफरचंदांच्या बागा, सगळं तिच्याच संगतीने मागे पडलेलं असतं. खाबला उत्तरेकडून स्पिती नदी येऊन मिळते. रस्ता तिच्या घळीत शिरतो आणि सतलज उजव्या हाताला, शिपकी ला खिंडीच्या बाजूच्या कड्यांआड दिसेनाशी होते. बसमधली निम्मी माणसं तेव्हा डुलक्या घेत होती. मी मान वळवून बघतेय हे पाहून कंडक्टर म्हणाला, "आंटीजी, त्या बाजूला चीन. पाणी तिकडूनच येतं."

पाणी तिकडूनच येतं खरं. कैलास-मानसरोवराच्या परिसरातून निघतं आणि थोलिंगचा मठ, गुगे राज्याची जुनी राजधानी त्सापारांग यांच्या जवळून वाहत इथवर येतं. मला त्या पुलावर कालिदास आठवला, आणि त्याला कारण होतं. मेघदूतातला रामगिरी म्हणजे आपल्या नागपूरजवळचं रामटेक की आणखी कुठलं ठिकाण, यावर आपल्याकडे भरपूर शाई खर्ची पडली आहे. वा. वि. मिराशींनी रामटेकची बाजू नेटाने लढवली. पण मेघाला जिथे जायचं होतं ती अलका कैलासाच्या अंगावर आहे, आणि चौदाव्या शतकात कैलासापलीकडच्या लोकांनी मेघदूत तिबेटीत उतरवून घेतलं. इतकंच नव्हे, तर तेंग्युर नावाच्या आपल्या थोरल्या शास्त्रसंग्रहात त्याला जागा दिली. नागार्जुन, असंग, धर्मकीर्ती यांच्या शेजारी हा बायकोच्या आठवणीने झुरणारा यक्ष! त्याआधी तेराव्या शतकात दंडीचा काव्यादर्श तिबेटीत गेला होता आणि तिथल्या कवींचा पाठ्यग्रंथ झाला होता. अलंकार शिकायचे तर उत्तम नमुना समोर हवाच, असा काहीसा हिशेब असावा. मेघाने निरोप कुठवर पोहोचवला, याचा हा पुढचा भाग आपण शाळेत कधी शिकलो नाही.

मी मात्र निघाले होते सुधनाला भेटायला.

सुधन हा गण्डव्यूहसूत्राचा नायक. दक्षिणेतल्या धन्याकर नगरातला श्रेष्ठीचा मुलगा. मंजुश्री त्याला रस्त्याला लावतो आणि हा पोरगा गुरूच्या शोधात निघतो. प्रत्येक गुरू त्याला आपल्याजवळचं काय ते सांगतो आणि वर म्हणतो, मला एवढंच ठाऊक आहे, पुढचं अमक्याला विचार. असे पन्नासहून अधिक गुरू. त्यांत भिक्षू आहेत, पण राजा, नावाडी, अत्तराचा व्यापारी, द्रविड देशातला व्याकरणी मेघ, वाळूत खेळता खेळता गणित सांगणारा एक मुलगा, अक्षरं शिकवणारा दुसरा, बऱ्याच स्त्रिया आणि वसुमित्रा नावाची गणिकाही आहे. सगळं सूत्रच एक प्रवासवर्णन आहे, आणि माझ्या मते बौद्ध संस्कृत वाङ्मयातलं सर्वांत मोकळ्या मनाचं. भाषा मात्र भयंकर. एकेक समास पानभर चालतो. कॉलेजात संस्कृत घेतलेल्या माझ्यासारखीलाही ओळीओळीला धाप लागते. माझ्याकडे आहे ती डॉ. प. ल. वैद्य यांनी संपादित केलेली, 1960 साली दरभंग्याच्या मिथिला विद्यापीठाने छापलेली आवृत्ती, झेरॉक्स काढून बाइंड केलेली. भांडारकर संस्थेच्या महाभारतावर काम केलेल्या या विद्वानाने बौद्ध संस्कृत ग्रंथांचा केवढा ढीग उपसला, हे पुण्यातही फारसं कुणाला आठवत नाही. हा ग्रंथ संस्कृतात टिकला तो नेपाळमुळे. तिथल्या नेवार बौद्धांच्या नऊ पवित्र ग्रंथांत त्याची गणना होते.

हा सुधन जावातल्या बोरोबुदुरच्या वरच्या सज्ज्यांत दगडात कोरलेला आहे, चारशेहून अधिक शिल्पपट्टांत. आणि तो स्पितीतल्या ताबो मठाच्या मातीच्या भिंतीवर रंगवलेला आहे. दक्षिणेतला हा मुलगा एकीकडे समुद्र ओलांडून गेला आणि दुसरीकडे हिमालय. बोरोबुदुर काही माझ्या पेन्शनीत बसेना, म्हणून ताबो.

वाटेत कानमला उतरले होते. किन्नौरमधलं हे गाव मुख्य रस्त्यावरून बरंच वर आहे. घरं एकमेकांच्या डोक्यावर बसल्यासारखी, छपरांवर जर्दाळू वाळत घातलेले. इथे 1827 ते 1830 अशी वर्षं अलेक्झांडर चोमा द कोरोश हा हंगेरियन माणूस राहिला. तो आपल्या मॅग्यार लोकांचं मूळ आशियात शोधायला म्हणून घर सोडून निघाला, बराचसा पायीच लडाखला पोहोचला आणि तिथे तिबेटीत अडकला तो कायमचाच. आधी झांस्करमध्ये झांगलाला एका चिमुकल्या खोलीत ऐन हिवाळ्यात शेकोटीवाचून बसून त्याने सांग्ये फुंत्सोग या लामाकडे भाषा शिकायला घेतली. मग कानमला कांग्युर आणि तेंग्युर या दोन्ही संग्रहांच्या पोथ्या आहेत असं कळल्यावर तो इथे आला आणि लामालाही बोलावून घेतलं. सरकारकडून महिना पन्नास रुपये मिळायचे, त्यातच लामाचा पगार. 1834 साली कलकत्त्यात त्याचा तिबेटी-इंग्रजी कोश आणि व्याकरण छापून झालं. ल्हासा बघायचं मात्र राहिलं. तिकडे निघाला असताना 1842 मध्ये दार्जिलिंगला तापाने गेला.

कानमच्या मठात मला पोथ्या दाखवल्या. दाखवल्या म्हणजे लाकडी फळ्यांत आवळलेले, कापडात गुंडाळलेले लांबट गठ्ठे फडताळात ओळीने रचलेले होते, ते लांबून बघितले. कांग्युरमध्ये बुद्धवचनं, साधारण शंभर खंड. तेंग्युरमध्ये टीका, शास्त्रं, व्याकरण, वैद्यक, काव्य, ते दोनशेहून अधिक. मठ सांभाळणाऱ्या गृहस्थांनी सांगितलं की वर्षातून एकदा सगळे खंड वाचून काढतात. मी विचारलं, "एवढं सगळं वाचायला किती दिवस लागतात?" ते म्हणाले, "सगळे एकदम बसतात ना. प्रत्येकाच्या पुढ्यात वेगळं पान, आणि सगळे मोठ्याने." म्हणजे ऐकणाऱ्याला अक्षरही कळणार नाही. पण वाचल्याचं पुण्य पदरात पडतं आणि पानांना वर्षातून एकदा हवा लागते. कसरीला यापेक्षा चांगला उतारा नसेल.

नाकोबद्दल फार लिहीत नाही. तळं सुंदर आहे, त्याभोवती होमस्टे भराभर वाढत आहेत. गावाच्या एका कडेला जुन्या मठाची मातीची देवळं आहेत, ताबोच्याच घराण्यातली. आत अंधार होता, किल्लीवाला घाईत होता.

ताबो गाव स्पिती नदीच्या काठच्या रुंद सपाटीवर आहे, समुद्रसपाटीपासून तीन हजार मीटरच्या वर. चहूबाजूंना गवताचं पातं नसलेले डोंगर आणि मध्येच सफरचंदांच्या बागा, हे दृश्य डोळ्यांना पटायला थोडा वेळ लागतो. मठ बाहेरून बघितला तर निराशाच होते. मातीची कुंपणभिंत, आत मातीचीच बैठी, सपाट छपराची, बिनखिडक्यांची देवळं आणि चोर्तेन, म्हणजे स्तूप. ना सोनेरी कळस, ना रंगीत पताकांची गर्दी. डोंगराच्या कड्यावर लोंबणारे मठ पोस्टरवर शोभतात, त्यांतला हा नव्हे. हा सपाटीवर मुक्काम ठोकून बसलेला आहे, इ.स. 996 पासून.

मुख्य देवळात जायचं तर आधी एक छोटी ओवरी लागते. तिथली चित्रं मठाइतकीच जुनी, काळपटलेली. एका बाजूला मठ उभारणारा राजा येशे ओद राजवस्त्रांत नव्हे, संन्याशाच्या वेषात बसलेला आहे. त्याने राज्य सोडून दीक्षा घेतली होती. त्याच्यासोबत त्याचे दोन मुलगे, तेही भिक्षू. चित्राशेजारी नावं लिहिली आहेत. मुलांची नावं काय, तर नागराज आणि देवराज. हजार वर्षांपूर्वी पश्चिम तिबेटातल्या एका राजाने पोरांना संस्कृत नावं ठेवली होती. आमच्याकडे आता मुलांची नावं कुठून कुठून शोधून आणतात ते बघता मला हा राजा फार जवळचा वाटला.

आत पाऊल टाकलं की प्रथम काहीच दिसत नाही. छपरात एक झरोका आहे, तेवढाच उजेड. फोटो काढायला बंदी आहे, आणि ते उत्तमच आहे. कारण मग माणसं मोबाइल खिशात ठेवतात आणि डोळे सरावायची वाट बघतात. हळूहळू भिंतींवर, आपल्या डोक्याच्या उंचीच्या जरा वर, माणसाएवढ्या मूर्ती दिसायला लागतात. मातीच्या, आत लाकडाचा सांगाडा घालून भिंतीत अडकवलेल्या. खालून आधार दिसत नाही, त्यामुळे बसल्या बसल्या अधांतरी तरंगल्यासारख्या दिसतात. अशा तिसाहून अधिक. त्या वज्रधातू मंडलातल्या देवता. मंडल म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे कापडावरची गोल-चौकोनी आकृती येते. इथे अख्खं दालनच मंडल आहे आणि आपण त्याच्या आत उभे. मध्ये चौमुखी वैरोचन, पाठीला पाठ लावून बसलेल्या चार मूर्ती, चार दिशांना चार तोंडं.

मूर्तींच्या खाली, आपल्या नजरेच्या टप्प्यात, गोष्टी आहेत. दरवाजा पूर्वेला असल्यामुळे रीतीप्रमाणे डावीकडून प्रदक्षिणा सुरू केली की आधी दक्षिणेची भिंत लागते, सुधनाची. मग मागचा गाभारा आणि परतताना उत्तरेच्या भिंतीवर बुद्धाचं चरित्र. म्हणजे शोधणारा आधी आणि ज्याला सापडलं तो नंतर.

सोबतीला एक तरुण लामा होते. त्यांच्या हातात छोटी विजेरी. भिंतीवर उजेडाचं एक वर्तुळ सरकायचं आणि त्यात सुधन उमटायचा. हात जोडलेला, कधी उभा, कधी गुडघ्यावर, समोर मंडपात बसलेला कुणी गुरू. पुढच्या चौकटीत पुन्हा हाच, समोर दुसरा गुरू. सुधनाची शरीरयष्टी सडपातळ, कंबर बारीक, डोळे लांबट. रंगांत निळा आणि विटकरी अजून धडधाकट. एका ठिकाणी वस्त्रावरची नक्षी इतकी बारकाईने काढली आहे की विणकर असता तर मागावर नकलून घेता आली असती. आणि चित्रांच्या खाली मजकूर, तिबेटी लिपीत, ओळीच्या ओळी. हा मजकूर चित्राचं नाव सांगणारी पाटी नाही. तो गण्डव्यूहाच्या तिबेटी अनुवादावर आधारलेला, गोष्ट सांगत जाणारा पाठ आहे. चित्र बघा आणि ग्रंथही वाचा, अशी सोय.

माझ्याजवळ वैद्यांची आवृत्ती होती, लामांजवळ तिबेटी वाचणारे डोळे. मी म्हटलं, "लामाजी, तुम्ही नावं वाचा, मी संस्कृतात शोधते." त्यांना गंमत वाटली. सुधनाला तिबेटीत नोरझांग म्हणतात. ते म्हणाले, "नोरझांग तर राजकुमार होता. अप्सरेशी लग्न केलेला. त्याचं नाटक होतं आमच्याकडे." तो सुधन वेगळा. तो दिव्यावदानातला, किन्नरी मनोहरेच्या मागे हिमालयात धावलेला. तिबेटी संगीतनाटकातलं त्याचं कथानक अजून रंगभूमीवर आहे. भिंतीवरचा सुधन श्रेष्ठीचा मुलगा, बायकोबियको कुणी नाही. एकाच नावाचे दोघे, आणि दोघेही हिमालय ओलांडून गेलेले. लामांनी मान हलवली आणि विजेरी भिंतीजवळ नेली.

तिथलं लेखन जुन्या वळणाचं आहे, आजच्या वाचणाऱ्याला अडखळायला होतं. जागोजागी पोपडे गेलेले, कुठे छपरातून झिरपलेल्या पाण्याचे ओघळ. लामा एकेक अक्षर जुळवत, मध्येच थांबून, पुटपुटत वाचत होते. एका चौकटीखाली त्यांनी जे वाचलं त्याचा हिंदीत अर्थ सांगितला, "ढग. नाव ढग आहे." मी पानं उलटली. मेघ! पण ग्रंथात मेघ एकटा नाही. मेघश्री आहे, सागरमेघ आहे आणि द्रविड देशातला तो व्याकरणी मेघ आहे. "पुढे समुद्र आहे का बघा." समुद्राच्या जागी पोपडा निघालेला. आम्ही दोघं त्या ढगापाशी बराच वेळ अडून बसलो. तेवढ्यात दिल्लीकडच्या मंडळींचा जथा आत आला, विजेरी तिकडे गेली, आणि आमचं भाषांतर मंडळ बरखास्त झालं.

पण ते मंडळ म्हणजेच ती सगळी परंपरा होती. तिबेटीतला एखादा अनुवादित ग्रंथ उघडला तर सुरुवातीलाच ग्रंथाचं संस्कृत नाव तिबेटी अक्षरांत लिहिलेलं असतं, त्यानंतर तिबेटी नाव. शेवटी पुष्पिकेत बहुधा दोघांची नावं येतात, भारतीय पंडित आणि तिबेटी लोचावा, म्हणजे अनुवादक. गण्डव्यूहाचंच घ्या. नवव्या शतकाच्या आरंभी जिनमित्र आणि सुरेंद्रबोधी हे भारतीय पंडित आणि येशे दे हा तिबेटी अनुवादक यांनी तो तिबेटीत नेला. त्याच काळात राजाज्ञेने संस्कृत-तिबेटी पारिभाषिक शब्दांचा कोशही तयार झाला, महाव्युत्पत्ती, साडेनऊ हजारांच्या आसपास नोंदींचा. एका शब्दाला सगळ्यांनी एकच प्रतिशब्द वापरायचा, हे सरकारने ठरवलं आणि पंडितांनी पाळलंही. आपल्याकडे दोन विद्यापीठांचं एका पारिभाषिक शब्दावर आजही जमत नाही, ते जाऊ द्या.

येशे ओदला ही मोडलेली घडी पुन्हा बसवायची होती, कारण मधल्या काळात तिबेटचं साम्राज्य फुटलं होतं आणि ग्रंथांचं कामही विस्कटलं होतं. परंपरा सांगते की त्याने एकवीस तरुण निवडून काश्मीरला शिकायला धाडले. उष्मा आणि रोगराई यांनी बहुतेक सगळे दगावले. जिवंत परतले दोघे, त्यांतला एक रिन्चेन झांगपो. थंडीतून काश्मीरच्या उन्हाळ्यात आलेल्या पोरांचा उष्म्याने जीव गेला, हे वाचताना मराठी माणसाला नवल वाटतं. आपल्यापैकी कुणी काश्मीरला गेलं तर स्वेटर विसरल्याचीच तक्रार करतं. रिन्चेन झांगपो 958 ते 1055 असा जवळजवळ शतकभर जगला. ग्रंथ भाषांतरित केले, जुने अनुवाद तपासून दुरुस्त केले, आणि येताना काश्मिरी कलावंत सोबत आणले. परंपरा त्यांची संख्या बत्तीस सांगते आणि देवळांची एकशे आठ. आकडे श्रद्धेचे आहेत, पण भिंतीवरच्या त्या बारीक कंबरेचं आणि लांबट डोळ्यांचं माहेर काश्मीर आहे हे उघड दिसतं. खुद्द काश्मीरमध्ये त्या काळातली भित्तिचित्रं शिल्लक नाहीत. 1042 साली, म्हणजे स्थापनेनंतर सेहेचाळीस वर्षांनी, येशे ओदच्या घराण्यातल्या जांगछुब ओदने ताबोचा जीर्णोद्धार केला, तसा लेख आत आहे. सुधनाची चित्रं त्याच वेळची. त्याच साली विक्रमशीलेचा अतिश दीपंकर गुगेला पोहोचला आणि ऐंशी उलटलेल्या रिन्चेन झांगपोची त्याच्याशी गाठ पडली.

बाहेर आल्यावर दिल्लीकरांच्या गाइडने ठरलेलं वाक्य टाकलं, "इसे हिमालय का अजंता कहते हैं." मला ही पदवी आवडत नाही, आणि ते अजिंठा माझ्या राज्यात आहे म्हणून नव्हे. तंत्राचं साम्य आहे, नाही असं नाही. दोन्हीकडे मातीचा गिलावा आणि तो वाळल्यावर सरसात कालवलेले रंग. पण अजिंठ्याचा कलावंत, त्याचा आश्रयदाता आणि बघणारा भिक्षू एकाच मुलखात वाढलेले होते. ताबोत राजा तिबेटी, हात काश्मिरी, गोष्ट दक्षिणेतली, लिपी भारतीय घाटाची पण भाषा वेगळी. हे सगळं कुणी तरी विचारपूर्वक निवडून, माणसं गमावून, पैसे मोजून एका दालनात आणलं. "आपला ठेवा तिबेटने जपून ठेवला" असं आपण फार सहज म्हणतो. जणू ते लोक आपली तिजोरी सांभाळत बसले होते. राहुल सांकृत्यायनांनी 1930 च्या दशकात तिबेटच्या मठांतून धर्मकीर्तीच्या प्रमाणवार्तिकासारखे आपण हरवलेले संस्कृत ग्रंथ शोधून काढले, हे खरं आणि थोरच. पण ताबोच्या भिंतीपाशी उभं राहिल्यावर जपणुकीपेक्षा निवडीचं कौतुक अधिक वाटतं. एवढ्या सूत्रांमधून त्यांनी आपल्या मुख्य देवळासाठी प्रवासाला निघालेल्या मुलाची गोष्ट निवडली. ज्यांची एकवीस पोरं शिकायला परमुलखात गेली होती त्यांनी ती निवडावी, यात मला योगायोग दिसत नाही.

मठाच्या शाळेत दुपारी छोटे लामा अक्षरं घोकत होते. क ख ग ङ, च छ ज ञ. घ, झ गायब, बाकी क्रम आपलाच. मी खिडकीत उभी राहून सोबत म्हणायला लागले तसे दोघं-तिघं फिसकन हसले. मंत्र म्हणताना 'वज्र'चं 'बेंझा' करणारी ही पोरं माझ्या उच्चारांना हसत होती, आणि तो त्यांचा हक्कच होता.

मठाचं वय मात्र आता जाणवतं. 1975 च्या जानेवारीत किन्नौरच्या भूकंपाने इथल्या भिंतींना धक्के दिले. नंतर शेजारी नवं सभागृह बांधलं. 1983 आणि 1996 ला दलाई लामांनी इथे कालचक्र दीक्षा दिली, त्यातली दुसरी मठाच्या सहस्राब्दीची. जुनी देवळं पुरातत्त्व खात्याकडे आहेत. मातीचं सपाट छप्पर कोरड्या मुलखासाठी केलेलं असतं. बर्फ पडलं की फावड्याने ढकलून द्यायचं, इतकीच अपेक्षा. आता पाऊस पडतो, तोही कधी कधी दिवसभर. लामा म्हणाले, "ढग इथे थांबायला लागलेत." छपराखाली सुधन आहे, हे त्यांना वेगळं सांगावं लागत नव्हतं.

काझाकडे जाताना अट्टरगोला पूल ओलांडला की पिन खोरं लागतं. इथे मला यायचं होतं ते बुचेन लोकांसाठी. हे फिरते कथेकरी-नट. लोखंडी साखळ्यांचे पूल बांधणारा आणि तिबेटी नाटकाचा जनक मानला गेलेला सिद्ध थांगतोंग ग्याल्पो याची ते परंपरा सांगतात. गावोगाव जाऊन नाटक करतात, गातात, आणि एक विलक्षण विधी करतात. जमिनीवर उताण्या पडलेल्या माणसाच्या पोटावर मोठी शिळा ठेवून ती दगडाने फोडायची. अशी घराणी आता थोडीच उरली आहेत आणि त्यांचे खेळ होतात ते शेतीची कामं संपल्यावर. मी गेले तेव्हा मटार काढणीचे दिवस होते. नाटक करणारे सगळे शेतात.

पण ज्यांच्या घरी उतरले होते तिथल्या आजींनी आयुष्यभर हे खेळ बघितले होते. नातू हिंदीत सांगायचा, आजी मध्येच त्याला अडवून दुरुस्त करायच्या. त्यांचं आवडतं नाटक द्रिमे कुंदेन. गोष्ट सुरू झाली आणि मी ताठ बसले. मागेल त्याला मागेल ते देणारा राजपुत्र, राज्याचं अमोल धन देऊन टाकल्यामुळे वनवास, वनात एक म्हातारा ब्राह्मण येऊन मुलंच मागतो. हा तर विश्वंतर! अजिंठ्याच्या सतराव्या लेण्यात याच कथेपुढे मी कितीदा उभी राहिले आहे, तो मुलं न्यायला आलेला दातपडका ब्राह्मण तर विसरताच येत नाही. तिबेटीत आल्यावर राजपुत्राचं दान आणखी पुढे गेलं आहे. तो शेवटी आपले डोळेही काढून देतो. पुढे डोळे, मुलं, राज्य सगळं परत मिळतं. आजींनी हे सगळं चुलीपाशी बसून, थुक्प्यात पळी फिरवत सांगितलं. मी मोबाइलवर अजिंठ्याचा फोटो दाखवला. त्यांनी तो लांब धरून, जवळ धरून बघितला आणि ब्राह्मणावर बोट ठेवलं. "हाच तो."

मी विचारलं, "आजी, पण त्याने मुलं दिली हे बरोबर केलं का?"

नातवाने विचारायचं टाळलं, मग मी पुन्हा विचारायला लावलं. आजींनी पळी खाली ठेवली. त्या बराच वेळ बोलल्या. नातवाने त्याचा असा सारांश केला: "आजी म्हणते, तो बोधिसत्त्व आहे, त्याचं त्याला माहीत. पण त्याने बायकोला विचारलं नाही. ती फळं आणायला गेली होती तेवढ्यात दिली. ती परत येते आणि मुलांना हाका मारते तेव्हा गावातल्या सगळ्या बायका रडतात. बुचेनना सगळ्यांत जास्त पैसे त्याच वेळी मिळतात. म्हणून ते तो भाग मुद्दाम लांबवतात."